मुकी तिथी

विरजण मागायला जाणं हे भागाबाईंचं जुनं निमित्त. घरात लोटाभर दही असलं तरी त्या वाटी घेऊन निघत. भिलाईच्या सेक्टर दोनमधली क्वार्टरं तेव्हा नवीकोरी होती, भिंतींचा चुना हाताला लागे, आणि दर पंधरवड्याला कुठलं तरी नवं बिऱ्हाड उतरे. कोणी आंध्राकडचं, कोणी पंजाबचं, कोणी आपल्या भंडाऱ्याकडचं. नव्या घरात भांडी किती, देव कुठे मांडलेत, नवराबायकोचं बोलणंचालणं आहे की नाही, हे कळल्याशिवाय भागाबाईंना जेवण गोड लागत नसे. बाई मनानं लाख होती. कोणाच्या घरी बाळंतपण असो की ताप, पहिल्या धावणाऱ्या त्याच. पण चौकशी हवी म्हणजे हवी.

एकसष्ट सालच्या भाद्रपदात ती वाटी शेजारच्या नलूकडे गेली. नलूचा नवरा नत्थू प्लांटात इंजिनावर होता. भट्टीतलं लोखंड काढून घेतल्यावर जो वितळलेला मळ उरतो, त्याला स्लॅग म्हणतात. तो मोठाल्या हंड्यांत भरून रुळावरून दूर माळावर नेऊन ओतायचा, हे नत्थूचं काम. ओतला की अर्धं आभाळ तांबडं होई, अंगणात पडलेली सुई सापडेल एवढा उजेड येई. नवीन आलेली माणसं उठून बसत. महिन्याभरानं कोणी मानही वर करत नसे.

नलू विरजण काढेपर्यंत भागाबाई थेट मागच्या खोलीत जाऊन उभ्या राहिल्या. तिथली भिंत गेरूच्या ठिपक्यांनी भरली होती. रांगाच रांगा. काही ठिपके मोठे, काही बारीक, आणि प्रत्येक रांगेच्या शेवटी बोटभर जागा कोरी.

"लेकरू त नाही अजून तुमच्या घरात," भागाबाई म्हणाल्या, "मग भिंत कोणी रंगवली वो?"

"मामाजींचं पंचांग आहे ते, काकू," नलू हळूच म्हणाली.

मामाजी म्हणजे नलूचे सासरे, रामाजी. कोपऱ्यातल्या बाजेवर बसले होते. सुकलेली काया, डोळे मात्र लखलखीत. अक्षर वाचता येत नव्हतं, पण गावाकडे चार वाड्यांची माणसं तिथी विचारायला त्यांच्याच ओट्यावर येत. नुसतं आभाळ बघून सांगायचे, आणि कधी चुकले नाहीत.

"मग बरंच झालं," भागाबाई खाली बसत म्हणाल्या. "यंदा नागपूरहून पंचांग आणाचंच राहिलं. बाबा, संकष्टी कवा आहे?"

"कोणत्या चंद्राची?" रामाजींनी विचारलं.

भागाबाई खळखळून हसल्या. म्हातारा हसला नाही.

"आपला एक आहे, त्याची तिथी सगळे जाणतात. इथं आल्यावर मले दुसरा दिसला. मोजून राहिलो त्याले. त्याचा महिना बावीस रोजाचा. अकरा रोज चढते, दहा रोज उतरते, आन् शेवटची मुकी. मुक्या तिथीले तो दिसत नाही, म्हणून जागा कोरी ठेवली. असे सात महिने झाले की वर्ष." त्यांनी भिंतीवर बोट फिरवलं. "हे हुंबर. हे कोयरं. हे तिसाळ…"

"ही कुठली नावं बाप्पा?"

"मी नाही ठेवली. मोजता मोजता तोंडात आली."

बाहेरच्या खोलीत नत्थू जेवत होता. तो तिथूनच ओरडला, "काकू, बाबाचा चंद्र मीच ओततो. रोज इंजिनाले बांधून नेतो त्याले!"

नलू तोंडाला पदर लावून हसली. रामाजींनी शांतपणे विचारलं, "मागच्या महिन्यात भट्टी बंद होती ना रे तीन रोज? दुरुस्तीले?"

"होती."

"मग ते तीन रोज कोण ओतत होतं?"

नत्थूचा घास हातातच राहिला. भागाबाईंच्या नजरेतून असलं काही सुटत नसे. पोरानं उरलेलं जेवण खाली मान घालून संपवलं.

निघताना रामाजी म्हणाले, "बाई, त्याच्या उजेडात देवाचं काही करू नोको. दिवा लावू नोको, उपास सोडू नोको. ज्याच्या नावानं उपास धरला, तो माणूस त्या चंद्राच्या मोजणीत जाते."

भागाबाई वाटी घेऊन घरी आल्या आणि संध्याकाळपर्यंत ही गोष्ट त्यांनी चार घरी सांगून टाकली, प्रत्येक घरी थोडी वाढवून.

त्यांचा स्वतःचा संकष्टीचा उपास नवऱ्यासाठी होता. गुलाबराव क्रेनवर होते. तीन माणसं एकावर एक उभी केली तरी हात पोचणार नाही एवढ्या उंचीवरच्या खोपट्यात बसून खाली उकळतं लोखंड हलवायचं. त्यांनी ज्या दिवशी क्रेनची शिडी धरली, त्या दिवशी भागाबाईंनी चतुर्थी धरली. एकही चुकवली नव्हती.

त्या महिन्यात चतुर्थीला आभाळ गच्च भरलेलं. ओळीतल्या पाचसहा बायका ताम्हण घेऊन मैदानाच्या कडेला उभ्या होत्या. नऊ वाजत आले. पोरं भुकेनं रडकुंडीला आली होती. तेवढ्यात एक पोरगं ओरडलं, "निघाला! निघाला!"

ढगामागे गोल, तांबूस उजेड होता. ढगातून चंद्र जसा दिसावा तसाच. भागाबाईंनी पाणी सोडलं, हळदकुंकू वाहिलं, हात जोडले. सकाळपासून पोटात पाण्याचा थेंब नव्हता. त्या तशाच घरात गेल्या आणि पोटभर जेवल्या.

हात धुवायला बाहेर आल्या तेव्हा ढग फाटले होते आणि मैदानापलीकडच्या झाडांवर दुसराच चंद्र होता. फिकट, थोडा खालून खाल्लेला, रोजच्या जागी. बायका हसत होत्या.

"भागाबाई, आपण स्लॅगले पाणी दिलं वो!" एकजण म्हणाली. "बरं झालं, मी अजून घास घेतला नव्हता." सगळ्यांनी पुन्हा पाणी सोडलं. जेवलेल्या फक्त भागाबाईच होत्या.

दुसऱ्या दिवशी त्या नलूकडे गेल्या तेव्हा हातात वाटी नव्हती. नलूला तेवढ्यावरूनच कळलं की काही तरी झालं आहे.

रामाजींनी सगळं ऐकून घेतलं. "किती घास?"

"पोटभर जेवले, बाबा."

म्हातारा उठला, भिंतीजवळ जाऊन ठिपक्यांवरून बोट नेत राहिला. "पुढच्याच्या पुढचा मंगळवार. मुकी आहे. त्या दिवशी आपला माणूस उंबऱ्याच्या आत ठेव."

"आन् मग?"

"मग मले नाही ठाऊक. मी नुसता मोजतो."

मंगळवारी गुलाबरावांची दुसरी शिफ्ट होती, दुपारी दोन ते रात्री दहा. सकाळी ते अंघोळीला गेले तेव्हा भागाबाईंनी खुंटीवरचा गेट पास काढून ज्वारीच्या पिठाच्या डब्यात खोल खुपसला. संशय नको म्हणून जेवणाचा डबा मात्र रोजच्यासारखा भरून ठेवला.

एक वाजता घरात शोधाशोध सुरू झाली.

"पास कुठं आहे माझा?"

"मले काय विचारता? तुमचा पास तुमी सांभाळा."

"खुंटीले होता!"

"मग खुंटीले विचारा."

गुलाबरावांनी गादी उलटली, पेटी उपसली, देवाच्या फोटोमागे हात घालून पाहिला. सव्वा वाजला तशी भागाबाईंनी दारात आडवा हात धरला. "आजच्या दिवस नका जाऊ. पाया पडते तुमच्या."

"कावून?"

आता काय सांगणार? मी तुमचा उपास भलत्याच उजेडात सोडला म्हणून? "सपन पडलं," त्या म्हणाल्या.

गुलाबरावांचा राग निवळला. ते हसले. "तुझ्या सपनापाई क्रेन उभी ठेवू का? टाइम ऑफिसातून आजच्या दिवसाची चिठ्ठी घेतो. सरक."

"मग डबा त पुरता खाजा! रोज चतकोर भाकर परत. त्या लंगड्या कुत्र्यासाठी थापते का मी?"

"तो वाट पाहते बिचारा कोपऱ्यावर," गुलाबराव म्हणाले. हँडलला डबा अडकवला, टांग मारली, आणि गेले.

भागाबाई दाराशी पाठ टेकून बसल्या. घरात घड्याळाचा आवाज तेवढा होता. दोनचा भोंगा झाला. त्याचा सूर हवेत विरतो न विरतो तोच उंबऱ्यावर सावली पडली.

गुलाबराव दारात उभे होते.

"नाही जात आज," ते म्हणाले.

भागाबाईंच्या डोळ्यांत पाणीच आलं. "बरं केलं! सायकल कुठं आहे?"

"पंक्चर. दुकानात ठेवली."

"आन् डबा?"

"सायकलीलेच राहिला."

ते उंबऱ्याबाहेरच उभे होते, पाहुण्यासारखे. "असे काय उभे? या ना आत," म्हणत भागाबाईंनी त्यांचा हात धरून ओढलं. हात इतका तापलेला होता की त्यांनी चटकन सोडला. उन्हातून आले, त्यांना वाटलं.

दुपारभर गुलाबराव कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसून होते. बिडी पेटवली नाही. भागाबाईंनी आनंदानं शेवया केल्या, चहा केला. कप त्यांनी हातात धरला, तो तसाच, साय धरेपर्यंत. बोलणं नाही. राग आहे अजून, भागाबाईंनी मनाशी म्हटलं. असू दे, माणूस घरात आहे ना.

संध्याकाळ झाली, रात्र पडली. त्या रात्री आभाळ तांबडं झालंच नाही. असा काळोख भागाबाईंच्या कधी ध्यानातच आला नव्हता. अंगणातली दोरी दिसेना, समोरचं क्वार्टर दिसेना. आणि एक वास येऊ लागला. गरम राखेवर पाणी पडल्यावर येतो तसला. भागाबाईंनी खिडकी लावली. वास कमी झाला नाही. तो बाहेरून येतच नव्हता.

"दिवा मोठा करू का?" त्यांनी विचारलं.

"नको," कोपऱ्यातून उत्तर आलं.

दहाचा भोंगा झाला. थोड्या वेळानं रस्त्यावरून सायकलींचा लोंढा रोजच्यासारखा गेला. घंट्या, हिंदीतल्या शिव्या, कोणाचं गाणं. मग सगळं शांत झालं.

मग एक सायकल दाराशी थांबली.

स्टँड दोनदा वाजला. गुलाबरावांच्या सायकलीची स्प्रिंग सैल होती, ती दोनदाच वाजे. नंतर खोकला. ओळखीचा, बिडीचा.

दारावर टकटक झाली.

"भागा… दार उघड."

भागाबाईंनी कोपऱ्याकडे पाहिलं. गुलाबराव खुर्चीवर होते. चेहरा अंधारात, हात गुडघ्यांवर.

"उघडू नको," ते हळू आवाजात म्हणाले.

"झोपली का वो?" बाहेर तोच आवाज हसला. "रुसवा गेला नाही वाटते अजून… सपन खोटं झालं ना तुझं? धडधाकट आलो. उघड."

भागाबाईंचा हात आपोआप कडीवर गेला. कडी थंडगार होती.

"उघडू नको," आतून पुन्हा आवाज आला. पहिल्यापेक्षा जवळून.

बाहेरचं हसणं थांबलं. मग अगदी दाराच्या फटीशी, कोणी ऐकेल अशा भीतीनं बोलावं तसं:

"भागा… आत कोण आहे?"

आतल्या माणसाला त्यांनी दोन वाजल्यापासून डोळ्यांसमोर ठेवलं होतं. उंबऱ्याच्या आत ठेव, असंच रामाजी म्हणाले होते. दुपारपासून त्यांनी तेवढंच तर धरून ठेवलं होतं. भागाबाईंनी कडीवरचा हात काढून घेतला.

बाहेर कोणी तरी पायरीवर काही ठेवलं. स्टँड दोनदा वाजला. सायकल गेली, ती वस्तीकडे नाही, कारखान्याच्या बाजूला.

सकाळी पायरीवर गुलाबरावांचा डबा होता. झाकण काढलं तर आत, कपड्यात नीट गुंडाळून, चतकोर भाकर.

भागाबाई ते बघत उभ्या होत्या तेवढ्यात कुंपणापलीकडून जानराव गेला. गुलाबरावांच्याच क्रेनखाली काम करायचा. "वहिनी, काल दादांना काय झालं होतं? शिफ्टभर मस्त हसत होते, म्हणे बायकोनं पास लपवला. अन् सुटल्यावर एकदम सायकल दामटली, घरी जायाची भारी घाई!"

एकही प्रश्न न विचारता भागाबाई डबा घेऊन तडक नलूकडे निघाल्या. जानरावाला त्याचं फार नवल वाटलं.

रामाजींनी एकच प्रश्न विचारला. "तो घरात आला तो भोंग्याच्या आधी, का नंतर?"

"भोंग्यासंगच."

म्हाताऱ्यानं डोळे मिटले. "त्याची तिथी भोंग्यासंगच लागते, बाई. भोंग्याआधीचा ठेवाचा होता."

त्यानंतर घर चालू राहिलं. घरं चालूच राहतात. गुलाबराव ड्यूटीवर जात, चालत. सायकल कुठल्याच दुकानात सापडली नाही, आणि त्यांनी पुन्हा तिचं नाव काढलं नाही. जेवत सगळं, डबा पूर्ण रिकामा येई. कोपऱ्यावरचा लंगडा कुत्रा त्यांना पाहून उठून दुसऱ्या गल्लीत जाई. माणूस वाईट वागत नव्हता. आवाज चढवत नव्हता. भागाबाईंच्या अंगावर चादर ओढून देई, आणि चादर सकाळपर्यंत गरम राही.

पुढची संकष्टी आली. आभाळ निरभ्र होतं. मैदानापलीकडच्या झाडांवर चंद्र वर आला, स्वच्छ, नजर चुकणार नाही असा. भागाबाईंनी पाणी सोडलं आणि आत हाक मारली, "ऐकता का, चंद्र निघाला. नमस्कार करून घ्या."

गुलाबराव अंगणात आले. चंद्राकडे पाठ करून उभे राहिले. कारखान्याच्या काळ्या आभाळाकडे तोंड करून त्यांनी दोन्ही हात जोडले. तिकडे काहीच नव्हतं. मग हळूहळू तिकडचं आभाळ तांबडं होत गेलं.

शेजारच्या अंगणात नत्थू उभा होता. त्या आठवड्यात तो रजेवर होता. त्यानं एकदा उजेडाकडे पाहिलं, एकदा गुलाबरावांकडे, आणि घरात जाऊन दार लावून घेतलं.

तिसऱ्या दिवशी मुकी होती. भागाबाईंनी ठरवलं होतं. या वेळी उघडायचं. काय व्हायचं ते होवो. ज्याच्यासाठी उपास धरला तो माणूस दारात उभा राहणार आणि मी कडी धरून बसणार, हे दुसऱ्यांदा नाही. गुलाबरावांना सुट्टी होती. ते कोपऱ्यात खुर्चीवर होते. काळोख तसाच, वास तसाच.

दहाच्या भोंग्यानंतर सायकली गेल्या. एक थांबली. स्टँड दोनदा वाजला. खोकला आला, पण आता त्यात घरघर होती, खूप खोल नळातून हवा यावी तशी.

भागाबाईंनी कडी धरली.

"भागा…" बाहेरचा आवाज फार थकलेला होता. "उघडू नको."

त्यांचा हात थबकला.

"आता नको उघडू… मी तसा नाही राहिलो. कुत्र्याची चतकोर ठेवून जातो."

आणि मागून, अगदी कानाशी, बावीस दिवसांत पहिल्यांदाच प्रेमानं बोलल्यासारखा आवाज आला.

"उघड ना. आपलाच माणूस आहे."

भागाबाई उजाडेपर्यंत तशाच उभ्या होत्या, दोन्ही हातांनी कडी घट्ट दाबून धरून. कोणाला बाहेर ठेवत होत्या, का कोणाला आत, ते त्यांनाही सांगता आलं नसतं.

पुढे नत्थूची बदली दुसऱ्या खात्यात झाली, बिऱ्हाड दूरच्या मरोदा वस्तीत गेलं. जाण्याआधी रामाजींनी मागची भिंत चुन्यानं पुसून घेतली. आता मोजणी भागाबाईंच्या स्वयंपाकघरात आहे, पिठाच्या डब्यामागे, गेरूचे बारीक ठिपके. विरजण मागायला त्या कोणाकडे जात नाहीत, आणि कोणी वाटी घेऊन आलं तर, कोपऱ्यातली खुर्ची रिकामी नसते म्हणून, दारातच वाटी भरून देतात.

दर बावीस दिवसांनी त्या एक भाकर जास्तीची थापतात आणि रात्री डब्यात घालून पायरीवर ठेवतात. सकाळी तो डबा तिथेच असतो, घासून लख्ख केलेला. आत नीट गुंडाळलेली चतकोर भाकर. शिळी असायला हवी, पण हाताला ती तव्यावरून आत्ता काढल्यासारखी लागते.

भागाबाई तो तुकडा कोपऱ्यावर नेऊन ठेवतात. लंगडा कुत्रा शेपूट हलवत येतो, वास घेतो, आणि तुकड्याला तोंड न लावता त्याच्याशेजारी बसून राहतो. दुपारचा भोंगा होईपर्यंत, कारखान्याच्या रस्त्याकडे बघत.